पडद्यामागचा सूत्रधार : सरस्वतीबाई फाळके आणि आपली श्रेयनामावली

मराठी व्यावसायिक नाटकाची वर्तमानपत्रातील जाहिरात बारकाईने वाचण्याची सवय ज्यांना आहे, त्यांच्या एक गोष्ट ध्यानात आली असेल. लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, संगीत, प्रकाशयोजना अशी नावे देऊन झाली की खाली एका कोपऱ्यात ‘सूत्रधार’ असे लिहून आणखी एक नाव छापलेले असते. नांदीनंतर रंगमंचावर येऊन नटीशी संवाद करणारा संस्कृत नाटकातील सूत्रधार तो हा नव्हे. हा सूत्रधार प्रेक्षकांना कधीच दिसत नाही. नाट्यगृहाची तारीख मिळवणे, नटांच्या तारखा जुळवणे, बस ठरवणे, नेपथ्याचे सामान वेळेवर पोहोचवणे, जेवणाची सोय करणे आणि प्रयोग संपल्यावर प्रत्येकाच्या हातात त्याचे पाकीट ठेवणे, ही त्याची कामे. ज्याच्या हाती साऱ्या दोऱ्या असतात त्याला मराठी रंगभूमीने हा मानाचा शब्द देऊन ठेवला, याचे आम्हांस नेहमीच कौतुक वाटत आले आहे.

चित्रपटाने आणि दूरचित्रवाणीने मात्र हा शब्द घेतला नाही. तेथे याच माणसाला ‘प्रॉडक्शन मॅनेजर’ किंवा फार तर ‘निर्मिती व्यवस्थापक’ म्हणतात. त्याचे नाव श्रेयनामावलीत येते तेव्हा प्रेक्षक चपला शोधत असतात. आणि दूरचित्रवाणीवर तर ती अक्षरे डोळ्यांना लागण्याच्या आत पुढची जाहिरात सुरू होते. दिग्दर्शकाला सकाळी सहाचे कोवळे ऊन हवे असेल, तर पहाटे तीनला गाडी कोणत्या नाक्यावर उभी राहील हे हा माणूस ठरवतो. नदीकाठी चित्रीकरण असेल तर ग्रामपंचायतीची व पोलिसांची परवानगी, जनित्राचे डिझेल, साठ माणसांचा नाश्ता, पावसाने दिवस बुडालाच तर आतल्या खोलीत कोणता प्रसंग उरकता येईल याची तजवीज आणि रात्री दिवसभराच्या पावत्यांचा हिशेब, असा त्याचा दिनक्रम. हे काम नीट झाले तर ते कोणाच्या लक्षात येत नाही. चुकले तरच लक्षात येते. ज्या कामाची कसोटी न दिसण्यातच आहे, त्याची समीक्षा करायची कशी, हा प्रस्तुत लेखाचा प्रश्न आहे.

या विचाराला निमित्त झाले ते एका चित्रपटाचे. आमच्या मंडळाच्या काही सभासदांनी मागील पावसाळ्यात बमरोलीतील एका सभासदाच्या घरी परेश मोकाशी यांचा ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ एकत्र बसून पुन्हा पाहिला. बाहेर मागांची खटखट चालू होती आणि आत शंभर वर्षांपूर्वीची दादर-गिरगावची मुंबई. चित्रपट संपल्यावर सर्वांनी नंदू माधव यांच्या फाळक्यांची तारीफ केली. मग आमच्यातील एक वयोवृद्ध बाई, ज्यांनी आयुष्याची बरीच वर्षे खानदेशातून नव्याने आलेल्या कामगारांना डबे करून घातले, त्या सहज म्हणाल्या, ‘ती बाई रांधताना दिसली खरी, पण एवढ्या माणसांचा बाजार कोण करत होतं? आणि उधारी कोणाच्या नावावर होती?’ आम्ही हसलो. पण तो प्रश्न घरी जाताना आमच्याबरोबर आला आणि आजतागायत गेलेला नाही.

प्रश्नाकडे वळण्यापूर्वी वाचकांना थोडी पार्श्वभूमी देणे अवश्य आहे. धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वरी झाला. परंतु त्यांच्या घडणीत गुजरातचा वाटा मोठा आहे आणि आपल्या वाचकांना तो विशेष जवळचा वाटावा. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेनंतर ते बडोद्याच्या कलाभवनात शिकले. सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने १८९० साली उभे राहिलेले हे कलाभवन ज्यांच्या कल्पनेतून साकारले, ते प्रा. त्रिभुवनदास गज्जर मूळचे आपल्या सुरतेचे. छायाचित्रण, मुद्रण, रसायने यांचे धडे फाळक्यांनी तेथे गिरवले. पुढे गोध्रा येथे त्यांनी छायाचित्रणाचा व्यवसाय केला. तेथेच प्लेगने त्यांची पहिली पत्नी व मूल हिरावून नेले. १९०२ मध्ये त्यांचा दुसरा विवाह झाला. करंदीकरांच्या घरातील ही मुलगी किर्लोस्कर नाटक मंडळीच्या गोतातली होती. तीच पुढे सरस्वतीबाई फाळके.

ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहून आपल्या देवदेवता पडद्यावर आणण्याचा ध्यास फाळक्यांनी घेतला, विम्यावर कर्ज काढले, १९१२ च्या आरंभी लंडन गाठले आणि विल्यमसन बनावटीचा कॅमेरा मागवून ते एप्रिलमध्ये परतले. वाटाण्याच्या रोपाची वाढ दाखवणारी छोटी फीत त्यांनी तयार केली, भांडवल जमवले आणि दादरला घरातच कारखाना थाटला. सहा महिने सत्तावीस दिवसांत ‘राजा हरिश्चंद्र’ पुरा झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी त्याचा खेळ झाला आणि ३ मे १९१३ पासून गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये तो सर्वांसाठी सुरू झाला. ही कथा शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. चित्रपटात काम करणे त्या काळी इतके कमीपणाचे मानले जाई की, कोणी विचारले तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत नोकरीला आहे’ असे सांगा, असे फाळक्यांनी आपल्या मंडळींना बजावले होते. मोकाशींच्या चित्रपटाचे नाव तेथून आले.

आता फॅक्टरी म्हटली की आपणां सुरतेच्या लोकांना काही प्रश्न आपोआप सुचतात. माल कोठून येतो, पाळी किती वाजता लागते, कारागीर जेवतो कोठे, पगार कोण वाटतो? फाळक्यांच्या फॅक्टरीत या बहुतेक प्रश्नांचे उत्तर एकाच नावाशी येऊन थांबते. सरस्वतीबाई साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करीत. शिवाय फिल्मला छिद्रे पाडण्याचे, धुलाईची रसायने मिसळण्याचे, फिल्म भरण्याचे काम त्यांनी शिकून घेतले. चित्रीकरणाच्या वेळी उन्हाचा प्रकाश पात्रांच्या तोंडावर पडावा म्हणून पांढरी चादर धरून त्या तासन् तास उभ्या राहत. तारामतीची भूमिका करायला एकही स्त्री मिळेना, तेव्हा फाळक्यांनी पत्नीलाच विचारले, असे सांगतात. त्यांनी नकार दिला. आधीच एवढी कामे अंगावर असताना भूमिका केली तर बाकीचे कोणी पाहायचे, हा त्यांचा सवाल होता. अखेर उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. हा नकार आम्हांस फार अर्थपूर्ण वाटतो. संकोचामुळे दिलेला तो नकार नव्हे. कोणत्या माणसाने कोणत्या जागी असले पाहिजे, हे ओळखून दिलेला तो निर्णय आहे. तारामतीची जागा दुसऱ्या कोणाला भरता आली. सरस्वतीबाईंची आली नसती. निर्मिती व्यवस्थापक रोज असेच निर्णय घेत असतो.

आता चित्रपटाकडे येऊ. ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा २००९ साली ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका म्हणून पाठवला गेला आणि जानेवारी २०१० मध्ये महाराष्ट्रात प्रदर्शित झाला. मोकाशी रंगभूमीवरून आलेले. त्यांनी फाळक्यांच्या कहाणीला रडवे होऊ दिले नाही, हा या चित्रपटाचा सर्वांत मोठा गुण. घरातले सामान एकेक करून बाहेर जाते, शेजारी वेड्यात काढतात, दृष्टी जाण्याची वेळ येते. तरी घरातली हसरी हवा टिकून राहते. थोर पुरुषांच्या चरित्रपटांत पार्श्वसंगीताने डोळ्यांत पाणी काढण्याची जी रीत आहे, तिला हा चित्रपट बळी पडत नाही. विभावरी देशपांडे यांची सरस्वती सोशिक दिसत नाही. ती या खेळात रंगलेली दिसते. नवऱ्याच्या वेडाला मान तुकवणारी बायको आणि त्या वेडात भागीदार असलेली बायको यांतला फरक या अभिनेत्रीने नेमका ओळखला आहे.

तथापि, याच गुणात चित्रपटाची मर्यादाही दडली आहे, असे आम्हांस वाटते. हसऱ्या ओघात प्रत्येक अडचण येते आणि गमतीने सुटते. मिशा काढायला नकार देणारे नट आपल्या लक्षात राहतात. माणसे येतात, जेवतात, कामाला लागतात. पण हे सारे रोज, न चुकता, सहा-सात महिने चालवणे म्हणजे काय, ते पडद्यावर जाणवत नाही. कल्पना सुचण्याला क्षण लागतो. व्यवस्था ही मात्र कालावधीत राहते. सुचण्याचा क्षण चित्रपटाला दाखवता येतो, कारण त्याला चेहरा असतो. मंगळवारच्या पिठानंतर बुधवारचे पीठ, त्यानंतर गुरुवारचे, हे दाखवायला चित्रपटाची लय मंद करावी लागते आणि मंद लय प्रेक्षकाला सोसत नाही. म्हणजे हा दोष केवळ मोकाशींचा नाही. ज्या माध्यमाला व्यवस्थेवाचून एक पाऊलही टाकता येत नाही, त्याच माध्यमाला व्यवस्था दाखवणे सर्वांत अवघड जाते, असा हा पेच आहे. आमच्या ज्येष्ठ भगिनींनी बाजाराचा आणि उधारीचा प्रश्न विचारला, तो नेमका या पेचावर बोट ठेवणारा होता.

चित्रपटापेक्षा आमची तक्रार अधिक आहे ती मराठी लेखनाविषयी. फाळक्यांवरील कोणताही लेख उघडा. सरस्वतीबाई त्यात येतात त्या बहुधा दागिन्यांसकट. त्यांनी अंगावरचे दागिने काढून दिले, ही गोष्ट प्रत्येक जण सांगतो. ती खरी आहे आणि थोरही आहे. पण दागिने देणे ही एकदा घडलेली कृती. त्यांनी केलेले काम ही रोज घडलेली कृती. लेखकांना त्याग दिसतो, कौशल्य दिसत नाही. ‘सहधर्मचारिणी’, ‘त्यागमूर्ती’, ‘पाठीशी उभी राहिलेली पत्नी’ ही विशेषणे आदराची खरी. परंतु त्यांच्या आडून एक लबाडी घडते. अंधारात फिल्म हाताळणे, रसायनांचे प्रमाण सांभाळणे, उन्हाच्या कलाप्रमाणे चादर फिरवणे ही शिकावी लागणारी कामे आहेत. पुरुषाने केली असती तर आपण त्याला तंत्रज्ञ म्हटले असते. स्त्रीने केली म्हणून ती प्रेमात जमा झाली. प्रेमाला पगार नसतो आणि श्रेयनामावलीत रकानाही नसतो.

येथे आपल्या सुरतेची गोष्ट सांगणे भाग आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईबाहेर आला तो सुरतेस. पहिल्या दिवसाचा गल्ला अवघा तीन रुपये झाला, असे सांगतात. तीन आणे तिकीट आणि खेळ जेमतेम दीड तासाचा. त्यापेक्षा कमी पैशांत येथल्या माणसाला सहा तासांचे नाटक पाहायला मिळत होते. व्यापारी गावाचा हिशेब सरळ होता. फाळक्यांनी खेळ लांबवला नाही, तिकीटही उतरवले नाही. त्यांनी जाहिरात बदलली. सत्तावन्न हजार छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांबीचे चित्र, फक्त तीन आण्यांत! गल्ला तीनशे रुपयांवर गेला. सुरतकर वजनावर आणि मापावर माल घेतात, हे गोध्रा-बडोद्याचे पाणी प्यालेल्या फाळक्यांनी अचूक हेरले होते.

आम्ही सुरतकर असल्याने त्या जाहिरातीचा हिशेब पुन्हा मांडून पाहिला. चित्रपटाची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. एका फुटात सोळा चौकटी येतात. म्हणजे चौकटी एकूण ५९,२०० भरतात. सत्तावन्न हजारांचा आकडा तेव्हा प्रामाणिक आहे, किंबहुना थोडा कमीच. दोन मैल मात्र १०,५६० फूट होतात. ३,७०० फूट म्हणजे पाऊण मैलही नाही. लांबीत शेटजींनी हात सैल सोडला, असे म्हणावे लागते. परंतु या जाहिरातीत एक आकडा मुळीच नाही. त्या काळी कोरी फिल्म छिद्रांशिवाय येत असे आणि प्रत्येक चौकटीच्या दोन्ही कडांना चार-चार छिद्रे लागत. सत्तावन्न हजार छायाचित्रांना आठाने गुणले की ४,५६,००० होतात. ही झाली केवळ एका प्रतीची छिद्रे. दुसरी प्रत काढायची तर तितकीच पुन्हा. यंत्र होते खरे, पण ते हाताने चालणारे आणि काम अंधारातले. एक छिद्र तिरपे पडले तर पडद्यावरचा राजा थरथरणार. छायाचित्रे मोजली गेली, मैल मोजले गेले, आणे मोजले गेले. छिद्रे कोणी मोजली नाहीत. कारण ती सरस्वतीबाईंच्या हाताखालून गेली होती आणि घरच्या माणसाचे काम मोजण्याची आपल्यात चाल नाही.

आमच्या वाचकांना हे सांगण्यात एक हेतू आहे. पांडेसरा-उधना-बमरोलीच्या पट्ट्यात आजही दुपारच्या वेळी ओटीवर बसून साड्यांचे धागे कापणाऱ्या, टिकल्या आणि लेस लावणाऱ्या बायका दिसतात. कापडाचे मीटर मोजले जातात, साड्यांचे नग मोजले जातात. एका साडीवर कात्री किती वेळा चालली हे कोण मोजते? सुरतेचे कापड देशभर जाते. पण ते नेसण्याजोगे होते ते त्या ओटीवर.

एक आक्षेप येथे संभवतो. सरस्वतीबाईंना निर्मिती व्यवस्थापक म्हणणे म्हणजे आजचे पद मागच्या काळावर लादणे नव्हे काय? त्यांना कोणी नेमले नव्हते, त्यांनी वेतन घेतले नव्हते. आक्षेपात तथ्य आहे. पण मग फाळक्यांना तरी ‘दिग्दर्शक’ म्हणून कोणी नेमले होते? जे काम प्रथमच होत होते, त्यातील सर्वच पदे मागाहून दिलेली आहेत. फाळक्यांना जनक, दिग्दर्शक, छायालेखक, पटकथाकार ही सारी नावे आपण मागाहूनच बहाल केली आणि ती योग्यच केली. तोच न्याय त्याच घरातील दुसऱ्या व्यक्तीला लावताना आपला हात का आखडतो, एवढेच आमचे विचारणे आहे. दुसरीकडे, सरस्वतीबाईंना मोठे करण्यासाठी दादासाहेबांना लहान करण्याचा उद्योगही आम्हांस मान्य नाही. ध्यास त्यांचा होता, जोखीम त्यांची होती. ध्यासाला रोजचे अन्न लागते, इतकेच.

पुढचा इतिहास या मुद्द्याला पुष्टी देतो. १९१८ च्या आरंभी फाळक्यांनी भांडवलदार भागीदारांसह नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी काढली. पैसा आला, ‘श्रीकृष्णजन्म’ आणि ‘कालियामर्दन’ गाजले. तरी थोड्याच काळात खर्चावरून आणि लागणाऱ्या वेळावरून भागीदारांशी खटके उडू लागले आणि १९१९ मध्ये फाळके कंपनी सोडून काशीला गेले. १९२२ मध्ये ते परतले. पण पहिले दिवस परतले नाहीत. दादरच्या घरात कल्पना आणि व्यवस्था एका चुलीभोवती बसत होत्या. कंपनीत कल्पना एका बाजूला आणि हिशेबाची वही दुसऱ्या बाजूला झाली. या दोहोंमध्ये बसून दोघांची भाषा जाणणारे माणूस, तेच निर्मिती व्यवस्थापकाचे स्थान. ते रिकामे राहिले की काय होते, याचा हा पहिला धडा म्हणावा लागेल.

दुसरा धडा प्रभातचा. १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात पाच भागीदारांनी प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. १९३३ मध्ये ती पुण्यास आली. शांतारामबापूंचे नाव सर्वतोमुखी आहे आणि ते सार्थ आहे. त्यांच्या बरोबरीचे विष्णुपंत दामले मात्र ‘संत तुकाराम’चे एक दिग्दर्शक म्हणूनच ओळखले जातात. हा १९३६ चा चित्रपट मुंबईच्या एकाच चित्रपटगृहात सत्तावन्न आठवडे चालला आणि १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. परंतु दामल्यांचे खरे राज्य होते ते ध्वनिमुद्रणाच्या खोलीत आणि स्टुडिओच्या कारभारात. प्रभातमध्ये नटापासून सुतारापर्यंत माणसे मासिक पगारावर होती आणि स्टुडिओ कारखान्याच्या शिस्तीने चाले. १९४२ मध्ये शांताराम प्रभातमधून बाहेर पडले, हे तिच्या उताराचे कारण म्हणून नेहमी सांगितले जाते. १९४५ मध्ये दामले निवर्तले, ही तारीख त्या मानाने कमी सांगितली जाते. १९५३ मध्ये प्रभातचे दार बंद झाले. दिग्दर्शक जाण्याने कंपनीची प्रतिभा उणी झाली असेल. कारभारी जाण्याने तिचा कणा गेला, असे आमचे मत आहे आणि ते आम्ही आग्रहाने मांडतो.

दूरचित्रवाणी आली आणि या कामाचे स्वरूप अधिकच कठोर झाले. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले, तेव्हा व्यवस्थेचा भार सरकारी नोकरांच्या खांद्यावर होता. पुढे बाहेरच्या निर्मात्यांच्या मालिका आल्या. आपल्या दुर्गाबाई खोटे यांच्या संस्थेने १९८८ मध्ये ‘वागळे की दुनिया’ दिली. पडद्यावर आयुष्य घालवलेल्या या अभिनेत्रीने पडद्यामागील कारभारही समर्थपणे चालवला, हे विसरता कामा नये. त्याच सुमारास आपल्या दक्षिण गुजरातेत, उमरगावच्या वृंदावन स्टुडिओत रामानंद सागर यांचे ‘रामायण’ चित्रित होत होते. जानेवारी १९८७ पासून जुलै १९८८ पर्यंत रविवारी सकाळी सुरतेच्या गल्ल्या ओस पडत, हे आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल. सारा देश थांबत असे तो रामासाठी; पण तेवढे मुकुट, तेवढी धनुष्ये आणि तेवढी ताटे समुद्राकाठच्या त्या छोट्या गावात दर आठवड्याला वेळेवर मांडणारे कोणी तरी होतेच.

१९९९ मध्ये अल्फा मराठी सुरू झाली आणि मग रोजच्या मालिकांचे युग आले. चित्रपटाला शेवट असतो. दैनंदिन मालिकेला उद्या असतो. पुढच्या काही भागांचा साठा हाती ठेवणे, नट आजारी पडला तर कथानक वळवायला लेखकाला वेळ मिळवून देणे, हे सारे व्यवस्थापकाच्या माथी. एप्रिल २०२१ मध्ये करोनाच्या दुसऱ्या लाटेत महाराष्ट्रातील चित्रीकरण थांबले, तेव्हा मालिकांची पथके काही दिवसांत गोवा, हैदराबाद, दमण-सिल्वासा आणि गुजरातेत हलली. मेच्या आरंभी गोव्यानेही परवानगी काढून घेतली आणि तेथील पथकांना पुन्हा बिऱ्हाड उचलावे लागले. घरी बसलेल्या प्रेक्षकाला त्या काळात एवढेच जाणवले की नायिकेच्या घराच्या भिंती बदलल्या. भिंती का बदलल्या आणि तरीही मालिका का थांबली नाही, या दोन प्रश्नांच्या मध्ये कोणाच्या किती रात्री गेल्या, त्याची नोंद कोठेच नाही.

मराठीत नटनट्यांची, दिग्दर्शकांची, गायकांची आत्मचरित्रे विपुल आहेत. ‘शांतारामा’, ‘सांगत्ये ऐका’, ‘मी, दुर्गा खोटे’ यांनी आपले वाङ्मय संपन्न केले आहे. व्यवस्थापकाचे आत्मचरित्र मात्र शोधावे लागते. तो लिहीत नाही, कारण आपल्याजवळ सांगण्यासारखे काही आहे असे त्याला कोणी सांगितलेले नसते. त्याच्या वह्या हिशेबाच्या असतात आणि हिशेब मिटला की त्या रद्दीत जातात. वास्तविक चित्रपटाचा खरा इतिहास त्या वह्यांत असतो. अमुक दिवशी किती माणसे जेवली, कोणती गाडी परत गेली, कोणाला आगाऊ रक्कम दिली, यांतून एखाद्या निर्मितीचे जे चित्र उभे राहील ते दहा मुलाखतींतून राहणार नाही. समीक्षकाने आशय आणि शैली यांची चिकित्सा करावीच. पण एखादी कलाकृती अशीच का झाली, याचे उत्तर पुष्कळदा त्या वहीतही असते. पावसाने नदीचा प्रसंग बुडाला म्हणून तो ओसरीवर घेतला गेला आणि पुढे समीक्षकांनी त्या ओसरीत प्रतीक पाहिले, असे कित्येकदा घडले असेल.

शेवटी स्वतःकडे वळणे प्राप्त आहे. हा लेख लिहिताना आम्ही आमच्याच मंडळाची जुनी स्मरणिका काढून पाहिली. तीत अध्यक्षांची यादी आहे, कार्यवाहांची आहे, देणगीदारांची रकमेसह आहे. गणेशोत्सवात बसवलेल्या नाटकांचे लेखक, दिग्दर्शक, नट यांची नावे आहेत. ताप्ती व्हॅलीच्या गाडीने नंदुरबार, दोंडाईचा, अमळनेरहून एक पिशवी घेऊन उधन्याला उतरलेल्या पोरांना ज्यांच्या स्वयंपाकघरांनी पहिले काही महिने जगवले, पगार होईपर्यंत डब्याची उधारी ज्यांनी मनातल्या मनात लिहून ठेवली, नाटकाच्या तालमींना ज्यांच्या घरून चहा आणि शेजारणींच्या ट्रंकांतून नऊवारी साड्या आल्या, त्या बायकांपैकी एकीचेही नाव त्यात नाही. ती स्मरणिका तयार करणाऱ्यांत आम्हीही होतो. तेव्हा मराठी चित्रपटलेखनावर ठेवलेला ठपका आमच्याही माथी येतो आणि तो आम्ही नाकारत नाही. ही वसाहत उभी राहिली ती मागांवर, असे आपण भाषणांतून म्हणत आलो. माग चालवणारा उपाशी नव्हता, हे सांगायचे राहून गेले.

त्या पिढीतील थोड्याच बायका आता हयात आहेत. ज्यांनी त्या संध्याकाळी बाजाराचा आणि उधारीचा प्रश्न विचारला, त्यांनाच आम्ही पुढच्या आठवड्यात भेटलो आणि त्यांच्या खानावळीचा हिशेब विचारला. त्या आधी लाजल्या. मग एका दमात कोणत्या साली किती डबे, बाजरीचा भाव काय, कोण पैसे बुडवून गेला आणि कोण वीस वर्षांनी येऊन फेडून गेला, हे सारे सांगत बसल्या. आम्ही लिहून घेतले. प्रत्येक जुन्या घराने आपापल्या घरी हेच करावे, अशी या पानांवरून विनंती आहे. पुढील गणेशोत्सवातील नाटकाच्या हस्तपत्रिकेवर, लेखक-दिग्दर्शकांच्याच टाइपात, सूत्रधार म्हणून व्यवस्थेतील प्रत्येकाचे नाव छापावे, असाही प्रस्ताव आम्ही मंडळापुढे ठेवत आहोत. कागद थोडा जास्त लागेल. तो खर्च मंडळाला झेपण्याजोगा आहे.